एकाच खोलीत सहा लॅपटॉप आणि नेट नाही: एज ऑफ एम्पायर्स २ खेळायचा कसा? (मदत हवी आहे)

घाटमाथा | शनिवार, रात्री ११:४०

मंडळी, विषय जरा पोरकट वाटेल, पण मदत खरंच हवी आहे.

आम्ही सहाजण कॉलेजचे मित्र. २००३ ते २००७ हॉस्टेलवर अभ्यास कमी आणि एज ऑफ एम्पायर्स २ (गाव वसवून, सैन्य उभारून एकमेकांशी लढायचा कॉम्प्युटर गेम) जास्त. एकाच्या खोलीत आठ पोर्टचा स्विच (मशीनं वायरीने एकमेकांना जोडणारा डबा), व्हरांड्यातून ओढलेल्या निळ्या वायरी, आणि रात्री दोनला पलीकडच्या खोलीतून आरोळी, "कोण रे घुसलं माझ्या गावात?" इंटरनेट तेव्हा कॅफेत तासावर मिळायचं. गेमला त्याची गरजही नव्हती.

आता सगळे चाळिशीत. येत्या ऑगस्टमध्ये तीन दिवस एकाच्या गगनबावड्याच्या जुन्या घरी जमायचं ठरलंय. तिथला पाऊस ज्यांनी पाहिलाय त्यांना वेगळं सांगायला नको. फोनची रेंज ओसरीच्या एका कोपऱ्यात, तीही ढगांची मर्जी असेल तर. घरात फायबर आहे, पण मोठ्या पावसात एकदा गेलं की लाइनमन येईपर्यंत गेलंच.

मागच्या वर्षी नेमकं तेच झालं. पाचजणांनी त्याच गेमची नव्याने काढलेली आवृत्ती, डेफिनिटिव्ह एडिशन, विकत घेतली, डाव मांडला, माझे हत्ती उथळ पाण्यातून नुकते पलीकडे निघाले होते, आणि नेट गेलं. डावही गेला. मग तीन दिवस पत्ते कुटले आणि एकमेकांची शुगर विचारली.

एकमेकांपासून चार फुटांवर मांडी घालून बसलेल्या माणसांना आपापसात भांडायला बाहेरच्या सर्व्हरची परवानगी कशाला लागते, हे मला कळेना.

तर प्रश्न असे. डेफिनिटिव्ह एडिशन नेटशिवाय लॅनवर (म्हणजे घरातल्या घरात जोडलेल्या मशीनवर) चालते का? नसेल तर त्याच जातीचा दुसरा कुठला गेम चालेल? आणि राउटर-वायरीचं काय काय न्यावं लागेल?

सामान: चार विंडोज लॅपटॉप (त्यातल्या दोघांना ग्राफिक्स कार्ड नाही), एक मॅकबुक, आणि एक ऑफिसचा लॅपटॉप, ज्यावर कॅलक्युलेटर टाकायचा तरी आयटीकडे अर्ज करावा लागतो. शिवाय माझ्याकडे माळ्यावर पडलेला जुना वायफाय राउटर.

पेठेतला बेरकी | रात्री ११:५२

पत्तेच बरे. पानं वाटायला सर्व्हर लागत नाही.

तिरकी वीट | रविवार, सकाळी ८:१५

ही रड जुनी आहे भावा. स्टारक्राफ्ट आठवतोय? १९९८ सालच्या त्या गेममध्ये एका मूळ सीडीवरून मित्रांच्या मशीनवर 'स्पॉन' नावाची अर्धी प्रत टाकता यायची, खास लॅनवर एकत्र खेळण्यासाठी. म्हणजे कंपनीच सांगायची, बाबांनो, वाटून खा. मग २०१० साली स्टारक्राफ्ट २ आला तो लॅन वगळूनच. लोकांनी आधीपासून सह्यांची मोहीम चालवली, उपयोग शून्य. पायरसी हे मोठं कारण होतं, तेही खोटं म्हणता येत नाही. पण स्पर्धेत दोन खेळाडू एकाच मंचावर समोरासमोर बसलेत आणि नेट तुटलं म्हणून डाव थांबलाय, असे प्रसंग आले. शेवटी २०१३ च्या हार्ट ऑफ द स्वॉर्म या त्याच्या पुढच्या भागात तुटलेला डाव रिप्लेवरून (डावाच्या साठवलेल्या नोंदीवरून) पुढे सुरू करायची सोय दिली. लॅन मात्र नाही दिलं.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही, फक्त तळतळाट होता.

निळी शाई | रविवार, सकाळी १०:०५

घाटमाथा, मी कॉलेजची संगणक लॅब सांभाळते, त्यामुळे या भानगडी रोजच्या. जरा सविस्तर लिहिते.

'लॅन' हा एकच शब्द आता दोन वेगळ्या गोष्टींना वापरतात. जुन्या गेममध्ये एक मशीन नेटवर्कवर हाळी द्यायचं, "मी डाव मांडलाय, या." त्याच नेटवर्कमधली बाकीची मशीनं ती ऐकायची आणि जोडली जायची. तिसऱ्या कोणाचा संबंध नाही. २०१९ सालच्या डेफिनिटिव्ह एडिशनमध्ये खेळाडूची ओळख पटवणं, लॉबी (खेळाडू जमून डाव जुळवतात ती जागा), कोण कोणाशी जोडलं जाणार, हे सगळं बाहेरच्या सर्व्हरवर होतं. खेळतानाचे हुकूमही एरवी बाहेरच्या रिले सर्व्हरमार्फत फिरतात. डाव मांडताना लोकल लॅन सर्व्हरचा पर्याय आहे. गेमच्या फोल्डरमध्ये बॅटलसर्व्हर नावाची फाइल दिसेल, ती त्याचसाठी. तो घेतला की डावाची वाहतूक घरातल्या घरात राहते आणि पिंग (निरोप जाऊन उत्तर यायला लागणारा वेळ) सुरेख मिळतो. पण लॉबी बाहेरचीच. म्हणजे लग्न घरच्या मांडवात, आणि अंतरपाट धरायला माणूस परगावाहून येणार.

शहरात नेट आहे पण हळू आहे, अशा ठिकाणी तो पर्याय उत्तम. गगनबावड्यात ऑगस्टमध्ये त्याच्या भरवशावर जाऊ नका.

केबलकात्री | रविवार, सकाळी १०:४०

ताईंनी नीट सांगितलंय. त्यात एक भर: एज लॅन सर्व्हर नावाचा मुक्तस्रोत प्रकल्प आहे. आपल्यातल्या एका मशीनवर तो चालवायचा, आणि गेमला वाटतं आपण अधिकृत सर्व्हरशीच बोलतोय. अधिकृत सर्व्हर उद्या बंद पडले तरी लॅनवर खेळता यावं म्हणूनच तो लिहिलाय. गेम प्रत्येकाने विकत घेतलेला हवा, तो फुकट मिळवायचा हा मार्ग नव्हे.

निळी शाई | रविवार, सकाळी ११:२०

बरोबर, पण तो काय करतो हे समजून घ्या आणि मगच टाका. गेम ज्या पत्त्यावर जातो तो पत्ता होस्ट्स फाइलमध्ये (कुठल्या नावाला कुठलं मशीन, ही विंडोजची यादी) आपल्याच घरातल्या मशीनकडे वळवला जातो, आणि तिथे शंका येऊ नये म्हणून एक घरगुती सर्टिफिकेट (सर्व्हरचं ओळखपत्र) विंडोजला विश्वासार्ह म्हणून दिलं जातं. काम झाल्यावर दोन्ही काढून टाकायचे. ऑफिसच्या लॅपटॉपवर तर हे स्वप्नातही करू नका, सर्टिफिकेटच्या प्रकरणात आयटीवाले खरंच नोटीस काढतात.

शिवाय स्टीमवरून (गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानातून) घेतला असेल तर निघण्याआधी घरच्या नेटवर प्रत्येकाने एकदा गेम उघडून, अपडेट करून, मग स्टीम ऑफलाइन मोडमध्ये टाकून पुन्हा उघडून बघा. तिथे गेल्यावर "अपडेट हवाय" असं दिसलं तर रडायचं कुठे?

ज्याच्याकडे गेम नाही त्याला दुसऱ्याच्या प्रतीवर खेळवू म्हणाल, तर स्टीमच्या फॅमिलीमध्ये (घरच्यांनी गेम वाटून वापरायची सोय) एक प्रत एका वेळी एकालाच वापरता येते. डाउनलोडचा ताप मात्र वाचेल: एकाच नेटवर्कवर असलेल्या दोन मशीनमध्ये स्टीम गेमच्या फाइली थेट एकाकडून दुसऱ्याकडे देतं. ही सोय २०२३ पासून आहे.

जुनाट_सीडी | रविवार, दुपारी १:३०

मूळ १९९९ चा गेम आणि २००० सालची त्याची पुरवणी कॉंकरर्स काढा की बाहेर! माझ्याकडे अजून सीडी आहे. विंडोज १० वर चालवलाय. 'विंडोज फीचर्स'मध्ये लेगसी कंपोनंट्स, त्याखाली डायरेक्टप्ले (जुन्या गेमना नेटवर्कवर जोडणारा भाग), तेवढं चालू करायचं. मल्टिप्लेयरमध्ये आयपीएक्स (जोडणीची जुनी पद्धत) निवडू नका, विंडोज व्हिस्टापासून ते काढून टाकलंय, टीसीपी/आयपी निवडा. फायरवॉलमध्ये (बाहेरून येणारी जोडणी अडवणारा विंडोजचा पहारेकरी) ४७६२४ आणि २३०० ते २४०० एवढे पोर्ट, म्हणजे जोडणीची क्रमांकित दारं, उघडी लागतात.

गवत जांभळं आणि पाणी गुलाबी दिसलं तर घाबरू नका. जुन्या २५६ रंगांच्या हिशोबाचा घोळ आहे. टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर बंद करा, गेम उघडा, रंग जागेवर. आमच्याकडे विंडोज ७ वर हे रोजचं होतं, गेम सुरू करण्याआधी एक्सप्लोररचा बळी.

घाटमाथा | रविवार, दुपारी २:१०

जुनाट_सीडी, आठवण काढून रडवलंत. पण सहापैकी एकाही लॅपटॉपला सीडी ड्राइव्हच नाही! आणि पोरं (म्हणजे आम्हीच) आता नवीन संस्कृतींना चटावली आहेत. २०२२ च्या डायनॅस्टीज ऑफ इंडियापासून एकजण गुर्जरांखेरीज काही घेत नाही, दुसरा द्रविड.

मॅकबुकवाल्याचं काय करायचं?

पेठेतला बेरकी | रविवार, दुपारी २:१४

गुर्जर आहेत, द्रविड आहेत, बंगाली आहेत. मराठे कुठायत? (हलके घ्या.)

तिरकी वीट | रविवार, दुपारी २:३१

त्यासाठी वेगळा धागा काढा, इथे सुरू झालं तर घाटमाथाचा ऑगस्ट उलटून जाईल.

केबलकात्री | रविवार, दुपारी ४:००

मॅकवाल्यासकट सगळ्यांना एका पंगतीला बसवायचं असेल तर झीरो एडी घ्या. फुकट, मुक्तस्रोत, विंडोज, मॅक, लिनक्स तिन्हीवर चालतो. एजची सवय असलेल्याला अर्ध्या तासात हात बसतो: गावकरी, लाकूड, धान्य, बराक, सगळं ओळखीचं. मौर्य आहेत, त्यांचे हत्ती आहेत. ऑनलाइन लॉबी आहे, पण तिच्या वाटेला जायचंच नाही. एकाने होस्ट करायचं (डाव आपल्या मशीनवर मांडायचा), बाकीच्यांनी 'जॉइन'मध्ये त्याचा आयपी पत्ता (नेटवर्कमधला मशीनचा क्रमांक) टाकायचा, पोर्ट २०५९५, यूडीपी प्रकारचा. बास. कोणाची परवानगी नाही, खातं नाही.

दोष सांगून ठेवतो: सैन्य वाढलं की गेम जड होतो. ग्राफिक्स कार्ड नसलेले दोन लॅपटॉप आहेत म्हणता, तर लोकसंख्येची मर्यादा आधीच खाली आणा.

दुसरा पर्याय ओपनआरए. रेड अलर्ट, टायबेरियन डॉन, ड्यून २००० हे याच जातीचे तिन्ही जुने गेम त्यात. एकदम हलका, डबड्या लॅपटॉपवरही पळतो. मात्र पहिल्यांदा उघडल्यावर मूळ गेमची चित्रं-आवाज नेटवरून उतरवून घेतो, ते घरीच उरकून न्या.

घाटमाथा | रविवार, दुपारी ४:२५

झीरो एडी उतरवायला लावला. राउटर फार जुना आहे हो, १०० एमबीपीएसवाला. सहाजणांना पुरेल? नवीन घेऊ का?

निळी शाई | रविवार, संध्याकाळी ६:००

एक रुपया खर्च करू नका. या जातीच्या गेममध्ये सैन्याची चित्रं किंवा जागा वायरीतून जातच नाहीत. जातात फक्त हुकूम: "हे वीस धनुर्धारी तिकडे." प्रत्येक मशीन तीच लढाई आपापल्या पोटात स्वतंत्रपणे लढतं आणि सगळ्यांचा निकाल सारखाच यावा लागतो. पहिला एज तर २८.८ के मोडेमवर आठजणांनी खेळता यावा अशा हिशोबाने बांधला होता. तुमचा जुना राउटर त्याच्या हजारोपट आहे.

अडचण वेगळीच येते. सगळ्यांनी एकाच पावलाने चालायचं, त्यामुळे सगळ्यांत सुस्त मशीनसाठी बाकीचे थांबतात. एकाचं वायफाय अडखळलं की सहाही पडदे अडखळतात. म्हणून जमेल तितक्यांना वायर लावा. नवीन राउटरचे पैसे वाचवून वायरी आणि एक स्वस्त स्विच घ्या. राउटरला इंटरनेटची जोडणी नसली तरी तो पत्ते वाटतो, तेवढंच काम आहे त्याला.

राउटरमध्ये गेस्ट नेटवर्क किंवा एपी आयसोलेशन चालू असेल तर बंद करा, त्याने मशीनं एकमेकांना दिसत नाहीत. आणि येत्या आठवड्यात घरी दोन लॅपटॉपवर तालीम करा. तालमीशिवाय जाऊ नका.

घाटमाथा | पुढचा रविवार, दुपारी १२:१०

तालीम केली, फसली.

माझ्या लॅपटॉपवर होस्ट केलं, बायकोच्या लॅपटॉपवरून जोडायला गेलो. चाकं फिरतात, मग 'जोडणी झाली नाही'. माझा पत्ता १९२.१६८.१.७, तिचा १९२.१६८.१.१२. पोर्ट दोनदा तपासला. माझ्याकडून तिच्याकडे पिंग (मशीन उत्तर देतंय का बघायची हाक) जातो, तिच्याकडून माझ्याकडे नाही.

निळी शाई | दुपारी १२:३०

दोघं एकाच नेटवर्कमध्ये आहात आणि एका दिशेने बोलणं होतंय, म्हणजे राउटर निर्दोष. (पिंग अडला म्हणजे गेम अडेलच असं नसतं, विंडोज बऱ्याचदा पिंग आपणहून अडवतं. पण इथे तो खूण म्हणून कामी आला.) होस्टच्या, म्हणजे तुमच्या मशीनच्या दारात कोणीतरी उभं आहे.

गेम पहिल्यांदा होस्ट केला तेव्हा फायरवॉलची खिडकी आली असेल, परवानगी देऊ का म्हणून. तुम्ही काय दाबलंत?

घाटमाथा | दुपारी १२:३४

घाईत कॅन्सल दाबलं बहुतेक. मग नंतर पोर्ट २०५९५ ला परवानगी देणारा नियम हाताने घातला की! तरी नाही.

निळी शाई | दुपारी १२:४१

तिथेच गोम आहे. कॅन्सल दाबलं की विंडोज गप्प बसत नाही, त्या गेमसाठी 'अडवा' असा नियम लिहून ठेवतं. आणि फायरवॉलमध्ये 'अडवा' आणि 'सोडा' दोन्ही असले की 'अडवा' जिंकतो. तुमचा नवा नियम बिचारा बाजूला उभा आहे.

फायरवॉलच्या ॲडव्हान्स्ड सेटिंग्जमध्ये जा, इनबाउंड रूल्स उघडा, झीरो एडीचे लाल खुणेचे नियम शोधा आणि उडवा.

घाटमाथा | दुपारी १२:५५

झीरो एडी नावाचं तिथे काहीच नाही. यादी वरून खाली दोनदा वाचली.

केबलकात्री | दुपारी १:०२

झीरो एडी शोधू नका! त्याच्या प्रोग्रॅमचं खरं नाव पायरोजेनेसिस आहे. तेच इंजिन.

घाटमाथा | दुपारी १:०९

सापडलं!! दोन लाल ओळी, एक टीसीपी, एक यूडीपी. उडवल्या. वायफायचं प्रोफाइल पब्लिक होतं, ते प्रायव्हेट केलं. बायको जोडली गेली. आणि तिने पहिल्याच डावात माझं गाव जाळलं. तिने यापूर्वी कधी असला गेम खेळलेला नाही, ही नोंद इथेच राहू दे, घरी नको.

निळी शाई ताई, केबलकात्री, लई उपकार.

निळी शाई | दुपारी १:२०

अभिनंदन, दोघांचंही. बाकी मशीनवर हाच घोळ होणार हे धरून चाला. कोणाच्या लॅपटॉपवर व्हर्च्युअलबॉक्स (संगणकात दुसरा संगणक चालवणारा प्रोग्रॅम) किंवा व्हीपीएन असेल तर त्यांची खोटी नेटवर्क कार्डं तात्पुरती बंद करा, नाहीतर आयपी पत्ता विचारल्यावर माणूस भलताच वाचून दाखवतो. १६९.२५४ ने सुरू होणारा पत्ता दिसला तर त्या मशीनला राउटरने पत्ताच दिलेला नाही, वायर काढून पुन्हा लावा.

आणि सगळ्यांची आवृत्ती एकच हवी. इन्स्टॉलर पेन ड्राइव्हवर न्या.

केबलकात्री | दुपारी १:४५

अजून एक. लाइट गेली तरी लॅपटॉप बॅटरीवर चालतील, पण राउटर मरेल आणि डावही. राउटरसाठी छोटा डीसी यूपीएस मिळतो, वहीएवढा. ॲडॉप्टरवर ९ व्होल्ट लिहिलंय की १२, ते बघून घ्या. स्विच वापरणार असाल तर त्यालाही लागेल.

घाटमाथा | ऑगस्टअखेर, रात्री १०:२०

वृत्तांत देतो, नाहीतर मदत घेऊन पसार झाला म्हणाल.

पहिल्या संध्याकाळी आठ वाजता नेट गेलं, नऊला लाइट. दोन्ही दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आले नाहीत. आणि आम्ही त्या रात्री पावणेतीनपर्यंत खेळलो. माजघरात दोन सतरंज्या, मध्ये राउटर आणि स्विच, त्यांच्या हिरव्या दिव्यांखेरीज उजेड फक्त पडद्यांचा, बाहेर कौलांवर असा पाऊस की शेजारच्याची शिवीसुद्धा ऐकू येत नव्हती. बॅटऱ्या संपत आल्या तसे एकेक राज्य आपोआप लयाला गेलं.

चुका: चारही विंडोज लॅपटॉप तासाभरात जोडले गेले (दोघांनी कॅन्सल दाबलंच, पायरोजेनेसिस आता तोंडपाठ आहे). पण पेन ड्राइव्हवर मी फक्त विंडोजचा इन्स्टॉलर नेला होता. मॅकवाला घरून मागची आवृत्ती घेऊन आला, ती जुळेना. नवी उतरवायला ओसरीच्या कोपऱ्यात छत्री धरून दीड तास उभा होता, सात टक्के झाली. मग तीन दिवस तो माझ्या मागे उभा राहून सल्ले देत होता. त्यापेक्षा शत्रू परवडला असता. ऑफिसच्या लॅपटॉपवाल्याने अर्ज केलाच नव्हता, तो स्वयंपाकघरात गेला, आणि खरं सांगायचं तर तांबडा रस्सा या सहलीतली सगळ्यांत यशस्वी गोष्ट ठरली.

लोकसंख्या आधी २०० ठेवली होती, तिसऱ्या तासाला जुन्या लॅपटॉपने सगळ्यांना गुडघ्यावर आणलं. १०० केल्यावर लोण्यासारखं. डेफिनिटिव्ह एडिशनसाठी एज लॅन सर्व्हरची खटपट एकाने घरी करून ठेवली होती, पण ती उघडायची वेळच आली नाही.

जुनाट_सीडी | रात्री १०:३३

पुढच्या वर्षी माझा यूएसबी सीडी ड्राइव्ह पाठवतो. परत मिळायला हवा.

केबलकात्री | रात्री १०:३८

छान वाटलं वाचून. तो डीसी यूपीएस आणलात ना परत? दमट हवेत पडून राहिला तर बॅटरी फुगते.

घाटमाथा | रात्री १०:४१

अरे देवा. माजघरातच राहिला.